दगडाचे वजन आणि डावाचे मोल

बडोद्याच्या सयाजीबागेतील संग्रहालयात एक प्रचंड दगड ठेवलेला आहे. गामा पहिलवानाने १९०२ साली तो उचलून दाखविला असे सांगतात. त्याचे वजन सुमारे बाराशे किलो आहे अशीही माहिती पाहणाऱ्यास मिळते. पाहणारा क्षणभर थबकतो, दगडाकडे पाहतो, मग नकळत आपल्या दंडाकडे पाहतो आणि पुढे जातो. शारीरिक पराक्रमाची ही मोठी सोय आहे की, त्याचे माप दगडाच्याच रूपाने जपून ठेवता येते. जुम्मादादांच्या आखाड्याने आणि प्रो. माणिकरावांच्या शिस्तीने ज्या नगरीत व्यायामास विद्येची प्रतिष्ठा मिळाली, त्या नगरीने असा दगड जपावा यात नवल नाही.

परंतु बुद्धिबळपटूच्या पराक्रमाचा दगड कोणता? डाव संपला की मोहरी पेटीत जातात आणि पट घडी होतो. मागे उरते ती चालींची नोंद. ती वाचण्यास थोडे शिक्षण लागते, थोडा वेळ लागतो आणि पुष्कळसा धीर लागतो. हे तिन्ही नसले म्हणजे आपण खेळाडूच्या नावामागे लागलेल्या पदव्यांकडे वळतो. इंटरनॅशनल मास्टर, ग्रँडमास्टर, राष्ट्रीय विजेता, आशियाई विजेती, अर्जुन पुरस्कार, पद्मश्री: ही आपल्या बुद्धिबळविषयक लेखनाची ठरलेली सामग्री होय. डिसेंबर २०२४ मध्ये सिंगापुरास डी. गुकेश अठराव्या वर्षी जगज्जेता झाला आणि जुलै २०२५ मध्ये नागपूरच्या दिव्या देशमुखने बातुमी येथे महिलांचा विश्वचषक जिंकला, त्यानंतर मराठीत या विषयावर जे गौरवलेख आले त्यांपैकी पुष्कळसे आम्ही आस्थेने वाचले. त्यांतील आनंद खरा होता, अभिमानही रास्त होता. तथापि बहुतेक लेखांत एकही डाव नव्हता. जुन्या दरबारांत भालदार-चोपदार बिरुदावली पुकारीत, तशी पदव्यांची रांग पुढे जात होती. तिच्यामागून येणारा माणूस मात्र दिसत नव्हता.

हा दोष दुसऱ्यांच्या पदरी बांधून आम्ही मोकळे होऊ इच्छीत नाही. काही वर्षांपूर्वी येथील एका घरगुती सत्कारसमारंभासाठी बारा वर्षांच्या एका मुलाचे मानपत्र लिहिण्याचे काम आमच्याकडे आले होते. आम्ही ते मोठ्या उत्साहाने लिहिले. त्यात मुलाने मिळविलेल्या बक्षिसांची नावे क्रमवार होती. 'कुशाग्र', 'देदीप्यमान' आणि 'उत्तुंग' हे शब्दही यथास्थान होते. समारंभ आटोपल्यावर तो मुलगा जवळ आला आणि म्हणाला, "काका, तुम्ही माझा कोणता डाव बघितलात?" त्याच्या स्वरात उद्धटपणा नव्हता, उत्तर ऐकून त्याला त्या डावाविषयी काही सांगावयाचे होते, एवढेच. आमच्यापाशी उत्तर नव्हते. प्रस्तुत लेख म्हणजे त्या प्रश्नास उशिराने दिलेले उत्तर समजावे.

पदव्यांचा विचार करण्यापूर्वी आपल्याकडे या खेळाचे मोल पूर्वी कसे केले जाई, हे पाहणे उचित होईल. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने बाराव्या शतकात रचलेला 'मानसोल्लास' हा ग्रंथ गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत बडोद्याहूनच श्रीगोंदेकरांच्या संपादकत्वाखाली प्रसिद्ध झाला. त्याचे तीन खंड १९२५, १९३९ आणि १९६१ साली निघाले. राजाने राज्य कसे मिळवावे आणि स्थिर कसे करावे, येथपासून आरंभ करून ग्रंथकार शेवटी विनोद आणि क्रीडा यांपर्यंत येतो, आणि त्या क्रीडांत बुद्धिबळास स्थान देतो. राज्य चालविण्याइतकेच खेळणेही नीट समजून घेण्याजोगे आहे, ही त्यामागील दृष्टी आम्हांस महत्त्वाची वाटते. सोमेश्वर खेळाचे वर्णन करतो. खेळणाऱ्यास बिरुद देऊन थांबत नाही.

देशी बुद्धिबळातील दुसरा एक संकेत याहूनही बोलका आहे. प्यादे पहिल्या चालीलाही एकच घर सरके, राजाला एकदा घोड्याची उडी घेता येई, अशा त्या जुन्या खेळात प्याद्याने केलेली मात अधिक मानाची गणली जात असे. त्रिवेंगडाचार्यशास्त्री यांच्या बुद्धिबळावरील संस्कृत ग्रंथाचे इंग्रजी रूपांतर १८१४ साली मुंबईस छापले गेले; त्यासारख्या जुन्या संग्रहांतील कूटे पाहिली की या आवडीची साक्ष पटते. वजिराच्या बळावर मात करणे सोपे. प्याद्याकडून ती करविण्यात खेळणाऱ्याची दूरदृष्टी कळते. म्हणजे आपल्या पूर्वजांस केवळ कोण जिंकला एवढे पुरत नसे, कसा जिंकला हेही ते विचारीत. हा रसिकाचा प्रश्न होय. आज तो आपण विचारीनासे झालो आहो.

आता पदव्यांकडे वळू. जागतिक बुद्धिबळ महासंघ, म्हणजे फिडे, १९२४ साली पॅरिस येथे स्थापन झाला, आणि १९५० साली त्याने 'ग्रँडमास्टर' ही पदवी प्रथम रीतसर सत्तावीस खेळाडूंना दिली. त्याआधी हा शब्द सैलपणे वापरला जाई. रशियाच्या झारने १९१४ साली पाच खेळाडूंना ही पदवी दिल्याची कथा पुष्कळ ठिकाणी आढळते, पण चिकित्सक संशोधक ती ग्राह्य धरीत नाहीत. पुढे अमेरिकेतील पदार्थविज्ञानाचे प्राध्यापक आर्पाद एलो यांची गुणांकनपद्धती फिडेने १९७० साली स्वीकारली. आजच्या नियमाप्रमाणे ग्रँडमास्टर होण्यासाठी २५०० एलो गुणांकन गाठावे लागते, आणि २६०० च्या तोलाची कामगिरी साधारणतः तीन स्पर्धांत करून दाखवावी लागते. या प्रत्येक कामगिरीस 'नॉर्म' म्हणतात. एकदा मिळालेली पदवी आजन्म राहते.

या व्यवस्थेचा गुण प्रथम सांगितला पाहिजे. नागपूरच्या मुलीला किंवा मडगावच्या मुलाला जे माप लावले जाते, तेच मॉस्कोच्या खेळाडूलाही लागते. कोणाची शिफारस लागत नाही, कोणाचे घराणे विचारले जात नाही. ज्या समाजात पदव्या बहुधा वरून खाली वाटल्या जातात, त्या समाजास ही शिस्त वरदानासारखी आहे. म्हणून पदवीस तुच्छ लेखणारी जी एक सोयीची विरक्ती असते, ती आम्हांस मान्य नाही. आमचे म्हणणे इतकेच की, माप कशाचे आहे हे जाणून ते वापरावे.

हे माप काही अंशी संधीचेही माप आहे. मिर सुलतान खान हे याचे सर्वांत ठळक उदाहरण. पंजाबातील एका जमीनदार सरदाराच्या पदरी असलेल्या या माणसाने युरोपीय नियम शिकून घेतले ते १९२६ च्या सुमारास. १९२९, १९३२ आणि १९३३ अशी तीन वर्षे तो ब्रिटिश विजेता झाला. १९३०-३१ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत त्याने माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरविले. पुढे धनी मायदेशी परतला, त्याबरोबर हाही परतला, आणि खेळ संपला. १९६६ साली तो वारला. फिडेने त्याला सन्माननीय ग्रँडमास्टर ही पदवी दिली ती २०२४ साली! पदव्यांच्या यादीवरून इतिहास लिहिणाऱ्यास हा माणूस जवळजवळ शंभर वर्षे दिसलाच नसता.

आपल्या घरचे उदाहरणही दूर नाही. १९५५ साली एलुरू येथे पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली. तीत रामचंद्र सप्रे आणि डी. वेंकय्या हे संयुक्त विजेते ठरले. म्हणजे स्वतंत्र भारताच्या पहिल्या राष्ट्रीय विजेत्यांपैकी एक मराठी होता. परंतु भारतास पहिला इंटरनॅशनल मास्टर मिळाला तो १९६१ साली, मॅन्युएल एरन यांच्या रूपाने. पहिला ग्रँडमास्टर १९८८ साली, विश्वनाथन आनंद यांच्या रूपाने. सप्र्यांच्या काळी त्या पदवीकडे जाणारी वाटच या देशातून निघत नव्हती. प्रवीण ठिपसे यांचा प्रवास पाहा. १९८२ साली ते प्रथम राष्ट्रीय विजेते झाले, १९८५ साली राष्ट्रकुल स्पर्धेत संयुक्त विजेते झाले; ग्रँडमास्टर व्हावयास मात्र १९९७ साल उजाडले. भारताचे ते तिसरे ग्रँडमास्टर. नॉर्म मिळविण्यास परदेशी प्रतिस्पर्धी लागतात, पदवीधारक प्रतिस्पर्धी लागतात. ते घरी नसले की विमानाचे तिकीट, राहण्याचा खर्च आणि नोकरीतील रजा लागते. या पंधरा वर्षांचे वाचन केवळ बुद्धीच्या वाढीचा आलेख म्हणून करणे हा अन्याय होय. त्यात देशाची परिस्थितीही नोंदलेली आहे.

याउलट आज भारतातील ग्रँडमास्टरांची संख्या नव्वदीच्या घरात गेली आहे. दिव्या देशमुख ही अठ्ठ्याऐंशीवी. संख्या वाढली म्हणून पदवी उथळ झाली असे म्हणणे सोपे आहे, पण ते बरोबर नव्हे. मुलांना पुस्तके, संगणक, शिक्षक आणि स्पर्धा लाभल्या, त्याचे हे फळ आहे. मात्र संख्या वाढली की पदवी खेळाडूविषयी कमी सांगते हे खरे. सत्तावीसांपैकी एक असणे आणि हजारोंपैकी एक असणे यांत, लेखकाच्या दृष्टीने, फरक पडतो. पूर्वी 'ग्रँडमास्टर' म्हटल्याने वाक्य पुरे होत असे. आता तेथून वाक्यास आरंभ व्हावयास हवा.

स्त्रियांच्या बाबतीत आपल्या लेखनाचा गोंधळ अधिकच वाढतो. 'महिला ग्रँडमास्टर' ही निराळी पदवी आहे. तिला लागणारे गुणांकन २३०० आहे, म्हणजे इंटरनॅशनल मास्टरला लागणाऱ्या २४०० पेक्षाही कमी. वृत्तपत्री घाईत 'महिला' हा शब्द गळतो आणि दोन पदव्या एक होऊन बसतात. गोव्याच्या भक्ती कुलकर्णीसारखी खेळाडू प्रथम महिला ग्रँडमास्टर होते आणि त्यानंतर इंटरनॅशनल मास्टर होते, तेव्हा ती एक पायरी खाली उतरली असे अजाण वाचकास वाटावे! वस्तुतः ती चढलेली असते. पदव्यांवर भर देणाऱ्यांनी निदान पदव्या तरी नीट वाचाव्यात, ही अपेक्षा अवाजवी म्हणता येणार नाही.

पदवीचे माप कोठे अपुरे पडते हे खाडिलकर भगिनींच्या कारकिर्दीवरून जितके स्पष्ट दिसते तितके क्वचितच अन्यत्र दिसेल. १९७४ साली स्त्रियांची राष्ट्रीय स्पर्धा सुरू झाली. तीत वासंती विजयी झाली, आणि पहिल्या दहा वर्षांत ते विजेतेपद वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघी बहिणींच्या घराबाहेर गेले नाही. जयश्री १९७९ साली महिला इंटरनॅशनल मास्टर झाली. रोहिणी १९८१ आणि १९८३ साली आशियाई विजेती झाली. पदव्यांची यादी येथे संपते, आणि आजच्या यादीशेजारी ठेवली तर ती लहानच दिसते. पण १९७६ साली तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळावयास बसली, तेव्हा केवढा गहजब झाला! प्रकरण न्यायालयापर्यंत गेले, फिडेपर्यंत गेले; आणि फिडेचे तत्कालीन अध्यक्ष, माजी जगज्जेते माक्स ऑयवे यांनी निर्णय दिला की राष्ट्रीय व आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून स्त्रियांना वगळता येणार नाही. एका मराठी मुलीने खुर्ची ओढून पटासमोर बसण्याचा हा परिणाम. याला कोणती पदवी द्यावयाची? यासाठी नॉर्म किती?

दिव्या देशमुखच्या विजयातही एक गमतीदार विरोध आहे, आणि तो आमच्या प्रतिपादनास पोषक आहे. बातुमीस जाताना तिच्यापाशी ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. विश्वचषक जिंकणारीस ही पदवी थेट मिळते असा नियम असल्यामुळे तीन पायऱ्या एकदम ओलांडून ती वर गेली. अंतिम सामन्यात तिच्यासमोर कोनेरू हम्पी होती, जी २००२ साली पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली होती. दोन संथ डाव बरोबरीत सुटले, जलद डावांपैकी पहिला बरोबरीत सुटला, आणि दुसरा दिव्याने काळी मोहरी घेऊन जिंकला. आदल्या दिवशी जी 'ग्रँडमास्टर नव्हे' आणि दुसऱ्या दिवशी 'ग्रँडमास्टर' झाली, तिच्या बुद्धीत एका रात्रीत काय पालटले? काहीच नाही. पालटले ते आपले लक्ष.

मग डाव वाचावयाचा म्हणजे काय करावयाचे? सुलतान खानचा कापाब्लांकाविरुद्धचा डाव घ्या. त्यात आतषबाजी नाही. तो प्रतिस्पर्ध्याची जागा थोडी थोडी आवळीत नेतो, कापाब्लांकाचा वजीर कोंडतो, त्यासाठी आपले दोन हत्ती देतो, आणि मग घाई न करता पासष्ट चालींपर्यंत डाव नेऊन जिंकतो. ज्याला उशिरा नियम शिकलेला अडाणी नोकर म्हणून साहेबांनी कौतुकाने पाहिले, त्याच्या खेळात अडाणीपणाचा मागमूस नाही. आहे तो कमालीचा संयम. हे त्याच्या चरित्रातून कळत नाही, डावातून कळते.

किंवा गुकेश आणि डिंग लिरेन यांचा चौदावा डाव घ्या. जगज्जेतेपदाच्या बातमीत 'विजय' हा एकच शब्द असतो. पटावर मात्र पंचावन्नाव्या चालीपर्यंत डाव बरोबरीकडे झुकलेला होता. गुकेशपाशी एक प्यादे अधिक होते, पण ते पुरेसे नव्हते. डिंगचा उंट कोपऱ्यात होता, आणि त्याने आपला हत्ती अशा घरी आणला की हत्तीला हत्ती मारता यावा. मग त्या कोपऱ्यातल्या उंटाला उंटाशी बदलण्यावाचून वाट उरली नाही, आणि मागे राहिलेला राजा-प्याद्यांचा डाव हरलेलाच होता. एक चूक, तीन आठवड्यांच्या झुंजीनंतर. यात गुकेशचे कर्तृत्व कोठे? बरोबरी दिसत असतानाही खेळत राहण्यात. समोरचा दमलेला आहे हे ओळखून त्याला पुन्हा पुन्हा साधे प्रश्न विचारीत राहण्यात. हा गुण 'सर्वांत तरुण जगज्जेता' या बिरुदात सामावत नाही, आणि डिंगचे दुःखही त्यात सामावत नाही. डाव वाचणाऱ्यास दोन्ही मिळतात.

बडोदेकरांस ही गोष्ट संगीताच्या उदाहरणाने सहज पटावी. उस्ताद फैयाजखाँ येथील दरबारचे गायक. १९५० साली ते येथेच निवर्तले. म्हैसूरच्या महाराजांनी त्यांना 'आफताब-ए-मौसिकी' हा किताब दिला होता. परंतु ज्यांनी त्यांना ऐकले त्यांच्या तोंडी किताबाची गोष्ट येत नसे. नोम-तोमच्या आलापीतून राग कसा उभा राही, याचीच गोष्ट येई. संगीताबाबत आपण घराणे, बंदिश, लयकारी यांवर तासन् तास बोलतो, कारण ते बोलण्याची भाषा दोन-तीन पिढ्यांच्या समीक्षकांनी मराठीत घडविली. बुद्धिबळाबाबत ती भाषा आपल्यापाशी नाही असे मुळीच नाही. शह, मात, किल्लेकोट, प्यादे, उंट, घोडा, हत्ती, वजीर, घर, चाल, मारामारी: हे शब्द घराघरांत आहेत. वापरणारा लेखक हवा.

पदव्यांच्या यादीत न मावणारा आणखी एक वर्ग आहे, तो शिक्षकांचा. सांगलीच्या नूतन बुद्धिबळ मंडळात भाऊसाहेब पडसलगीकरांनी मुलांच्या किती पिढ्या पटासमोर बसविल्या! रघुनंदन गोखले यांना १९८६ सालचा द्रोणाचार्य पुरस्कार मिळाला, म्हणून त्यांची नोंद तरी झाली. २००० साली ग्रँडमास्टर झालेले पुण्याचे अभिजित कुंटे हे २०२४ साली बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये सुवर्णपदक जिंकणाऱ्या भारतीय महिला संघाचे कर्णधार होते. त्या संघात दिव्या होती. एका माणसाची कारकीर्द दुसऱ्याच्या डावात पुढे चालू राहते, ही या खेळातील परंपरा होय. ती सांगावयास कोणता चौकटीतला तक्ता पुरणार?

आमच्यासारख्या, दोन प्रांतांच्या मध्ये वाढलेल्या मराठी वाचकांस याचे महत्त्व अधिक असावे. गुजरातचा पहिला ग्रँडमास्टर अहमदाबादचा तेजस बाकरे. त्याला गुजरातचा म्हणावे की मराठी, याची चर्चा आमच्या बैठकांत होते, त्याच्या एखाद्या डावाची होत नाही. गोमंतकात लिऑन मेंडोंसा चौदाव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला. २०२० च्या महामारीत वडिलांबरोबर युरोपात अडकून पडलेला हा मुलगा तेथेच स्पर्धांमागून स्पर्धा खेळत राहिला, आणि वर्षअखेर इटलीत त्याने शेवटचा नॉर्म पुरा केला. २०२५ च्या अखेरीस विश्वचषक स्पर्धा गोव्यातच झाली; दोनशे सहा खेळाडू आले, आणि उझबेकिस्तानचा जवोखिर सिंदारोव जिंकला. जगातील उत्तमोत्तम डाव आपल्या अंगणात खेळले गेले. त्यांतील किती डाव मराठीत वा कोंकणीत समजावून सांगितले गेले, हा प्रश्न दोन्ही भाषांच्या लेखकांनी स्वतःस विचारावा.

आमची सूचना साधी आहे. बुद्धिबळपटूवर जो लेख लिहील त्याने त्या खेळाडूचा निदान एक डाव पटावर मांडून पाहावा, आणि त्यातील निदान एक चाल वाचकास समजावून द्यावी. ती का केली, दुसरी कोणती करता आली असती, आणि ती करण्यास धैर्य लागले की संयम, हे सांगावे. पदव्या त्यानंतर खुशाल द्याव्यात. त्या तेव्हा शोभतील.

सयाजीबागेतील दगड आजही तेथे आहे. तो कोणी उचलून पाहत नाही, म्हणून त्याचे वजन आपण विश्वासाने मानतो. डाव मात्र कोणासही पुन्हा मांडता येतो. त्या मुलाने आम्हांस विचारले ते याच अर्थाने. पुढे आम्ही त्याच्याकडून त्याची वही मागून घेतली आणि एका संध्याकाळी त्याचा एक डाव मांडला. एकतिसाव्या चालीला त्याने घोडा देऊन टाकला होता. तो का दिला, हे कळावयास आम्हांस पाऊण तास लागला. मानपत्र लिहावयास त्याहून कमी लागला होता.